बाविसातली नववी

वनराजी सभागृहाच्या जिन्यात मी पडलो, तेव्हा माझ्या हातात तर्रीचा पाच लिटरचा डबा होता. डबा नसता तर मी नुसताच पडलो असतो आणि पुढचं काहीच घडलं नसतं. पण 'सहलीचा नाश्ता माझ्याकडे' असं मी आदल्या दिवशी छाती ठोकून सांगितलं होतं. पोहे मी दुसऱ्याच्या हातात दिले. तर्री मात्र स्वतः धरली, कारण तर्री सांभाळणं हे जबाबदार माणसाचं काम आहे असं माझं मत होतं. नवव्या पायरीला माझ्या उजव्या चपलेचं टोक अडलं. मी पुढे गेलो, चप्पल मागे राहिली आणि डब्याचं झाकण आम्हा दोघांनाही सोडून तिसरीकडेच गेलं.

लालभडक, चण्याची तर्री, पोह्यांवर ओतायचा झणझणीत रस्सा. नवव्या पायरीवर ती सांडली, क्षणभर थांबली, चारी बाजूंना सारखी पसरली आणि मग कडेवरून आठवीवर, आठवीवरून सातवीवर अशी शिस्तीत उतरत गेली. खालच्या पायऱ्यांवर आमच्या सहलीतली चौदा माणसं उभी होती. त्यांत नागपूरहून आलेले, पांढरा लेंगा-झब्बा घातलेले एक गृहस्थ होते. 'होते' हे मी लेंग्याच्या रंगाबद्दल म्हणतोय. गृहस्थ सुखरूप आहेत.

सगळे ओरडले. ओरडल्या नाहीत त्या फक्त शकुबाई. त्या आमच्या गाइड. कमरेवर हात ठेवून त्या नवव्या पायरीवरच्या तर्रीकडे बघत राहिल्या, आणि मी सांगतो, त्यांच्या चेहऱ्यावर कौतुक होतं.

"पाह्यलं का जी? कशी सारखी पसरली! एका बाजूले जास्त नाई, दुसऱ्या बाजूले कमी नाई."

मग माझ्याकडे वळून, "लागलं का, भाऊ?"

आधी तर्री, मग मी. हा क्रम तेव्हा मला फार लागला. अंगठ्यापेक्षा जास्त.

आता ही सहल कसली, ते सांगायला हवं. चंद्रपूरला बाहेरची माणसं येतात ती वाघ बघायला. वाघ दिसला नाही तर वेळ उरतो, मग ती गोंड राजांचा परकोट आणि त्याचे दरवाजे बघतात. पण याच परकोटाच्या आत-बाहेर सत्तर ते पंच्याऐंशी सालाच्या दरम्यान सिमेंटचं जे नवं शहर उभं राहिलं, त्यातल्या टाक्या, बँका, सभागृहं कुणी बघत नाही. ती दाखवायचं नीलिमाच्या डोक्यात आलं. नीलिमा म्हणजे आमच्या गल्लीतली आर्किटेक्ट पोरगी. हुशार. पण सुरुवातीच्या दोन रविवारी तिनं स्वतः माहिती सांगितली आणि तिसऱ्या इमारतीपाशी निम्मी माणसं चहा प्यायला गेली ती परत आली नाहीत. तिसऱ्या रविवारी ती पाण्याच्या टाकीखाली उभी राहून सांगत होती की हे काम अठरा महिन्यांत पूर्ण झालं. तिथेच ओट्यावर एक म्हातारी बाई पिशवी घेऊन बसली होती. ती म्हणाली, "बावीस महिने लागले, बाई. चार महिने विहिरीले पानीच नोतं. मी घरी बसून होती न."

झालं. पुढच्या रविवारपासून शकुबाई गाइड.

डोक्यावर घमेलं वाहणाऱ्या बाईला आमच्याकडे रेजा म्हणतात. शकुबाई चौतीस वर्षं रेजा होत्या. मूल तालुक्यातल्या एका धानाच्या गावातून लग्न होऊन आल्या आणि आल्या त्याच आठवड्यात कामावर गेल्या. शहरातली नवी म्हणावी अशी एक इमारत नाही, जिचा थोडाबहुत भाग त्यांच्या डोक्यावरून गेलेला नाही. त्यांची सांगण्याची तऱ्हाही तशीच. जटपुरा गेटपाशी सगळे जमले की त्या पहिल्यांदा लोकांना गेटकडे पाठ करायला लावतात. "हे राजानं बांधलं. चांगलंच हाये. याले पाहाले कदीबी या. आता इकडं तोंड करा." इकडे म्हणजे तीन मजली बँक, दर्शनी बाजूला सिमेंटच्या उभ्या पट्ट्या, खाली मोबाइलची दुकानं. "या पट्ट्या काऊन हाएत, तर ऊन आत जाऊ नये म्हनून. साहेबानं कागदावर एक रेघ मारली का आमच्या डोक्यावर शंभर घमेले. मी त्या साहेबाले एकदा म्हनलं, साहेब, पेन्सिल थोडी कमी चालवा न जी."

टाकीपाशी त्या मान चोळतात. "अजूनबी टाकी भरली का माझी मान दुखते." लोक हसतात. त्या हसत नाहीत.

एका कॉलेजच्या इमारतीला बाहेरून गिलावाच नाही, नुसतं काँक्रीट, त्यावर फळ्यांचे ठसे. नीलिमा त्याला एक भलंमोठं इंग्रजी नाव देते. शकुबाई ते नाव ऐकून घेतात, मान डोलावतात आणि लोकांना सांगतात, "आमच्या टाइमले याले 'ठेकेदार पळाला' म्हनत."

आणि शेवटी वनराजी सभागृह. त्र्याऐंशी सालचं. आत शिरलं की समोरच तो जिना, खाली एकही खांब नसलेला, वेलीसारखा वळत गेलेला. बावीस पायऱ्या. नीलिमा म्हणते की विदर्भात असे जिने मोजकेच. शकुबाई म्हणतात, "फरशी दादाजी मिस्त्रीची. माझा नवरा हाये तो, पन काम खरंच चांगलं हाये." मग वर चढताना आठव्या पायरीवर थांबून, मागे न बघता, "इथी पाय पाहून जी," एवढंच. त्या दिवशीही त्या ते म्हणाल्या होत्या. मी ऐकलं नाही. मी तर्री सांभाळत होतो.

घरी आलो, अंगठ्याला हळद लावली आणि मला राग आला. पण मी चौतीस वर्षं वीज केंद्राच्या भांडार विभागात काढलेली आहेत. मोजल्याशिवाय मला रागही येत नाही. दुसऱ्या दिवशी मी टेप घेऊन गेलो. आठ पायऱ्या प्रत्येकी सहा इंच. नववी सात. दहावी पाच. अकरावीपासून पुन्हा सहा. म्हणजे एकट्या नवव्या पायरीनं इंचभर डोकं वर काढलं होतं आणि दहावीनं ते मुकाट्यानं पोटात घेतलं होतं. मला वाटलं, सापडलं! मी फोटो काढले, आकृती काढली आणि सभागृह ज्या कार्यालयाकडे होतं, त्याच्या तक्रारींच्या पोर्टलवर रीतसर तक्रार ठोकून दिली. 'सदर पायरी नागरिकांच्या जीवितास धोकादायक' वगैरे. तर्रीचा उल्लेख केला नाही.

घरासमोरच्या गटारीचं झाकण मी सहा वर्षं मागतोय. ते अजून आलेलं नाही. या तक्रारीचं उत्तर आठव्या दिवशी आलं. 'दखल घेण्यात आली असून सदर पायरी फोडून नव्याने बसविण्याचे आदेश देण्यात आले आहेत.' मी तो निरोप बायकोला वाचून दाखवला, शेजाऱ्याला पाठवला, आणि रविवारी आठव्या पायरीवर उभं राहून सगळ्यांना मोठ्यानं जाहीर केलं, "पुढल्या महिन्यात ही नववी पायरी फोडतायत! माझ्या तक्रारीवरून!"

एक-दोघांनी टाळ्या वाजवल्या. शकुबाईंनी माझ्याकडे बघितलं. मग पायरीकडे. मग पदर खोचला, "चला," म्हणाल्या आणि वरचा हॉल न दाखवताच खाली उतरल्या. परतीच्या वाटेवर टाकीपाशी मान चोळली नाही. कॉलेजपाशी ठेकेदार पळाला नाही. सहल अर्धा तास आधीच संपली.

पुढच्या रविवारी शकुबाई आल्या नाहीत. त्याच्या पुढच्याही नाही. नीलिमाचा फोन आला.

"काका, तुम्ही काय बोललात त्यांना?"

"मी? काही नाही गं. मी तर पायरी दुरुस्त करून देतोय."

"मग जाऊन या त्यांच्याकडे. मी विचारलं तर 'गुडघा दुखते' म्हणाल्या. त्यांचा गुडघा माझ्यापेक्षा चांगला आहे."

मी बाबूपेठेत त्यांचं घर शोधत गेलो. दार उघडलं ते दादाजी मिस्त्रींनी. बहात्तर वर्षांचा काटक माणूस, अंगात बंडी, कानावर बिडीचं थोटूक. मी नाव सांगताच त्यांनी माझे दोन्ही हात धरले.

"पायरीवाले साहेब तुमीच काय? या, या, बसा. शकू, चहा ठेव! ज्या मानसाची मी चाळीस वर्सापासून वाट पाहून राह्यलो, तो आला!"

आतून भांडं आपटल्याचा आवाज आला.

मला खुर्ची मिळाली. पंखा माझ्याकडे वळवला गेला. आणि दादाजींनी चाळीस वर्षांचं मन मोकळं केलं. झालं होतं असं की सभागृहाचं उद्घाटन झालं, लोक चढले, लोक अडखळले, आणि आठ दिवसांत शहरातल्या तमाम मिस्त्री लोकांनी जिना मोजून काढला. "तवापासून माझं नाव गेलं जी. दादाजी कोनी म्हनतच नाई. सकाळी नाक्यावर गेलो का, आली पाहा नववी पायरी! माझ्या हाताखाली शिकलेले पोट्टे, तेबी! पोरीच्या लग्नात वारलू मिस्त्री माईकवर बोलला, मांडवात पाय सांभाळून या, नववी पायरीवाल्याचं घर हाये. व्याही इचारून राह्यला, नववी पायरी म्हनजे काय? काय सांगू मी त्याले?"

"मग सांगायचं ना," मी म्हणालो, "की चूक सगळ्यांकडून होते."

"माझ्याकडून नाई झाली!" दादाजी खुर्चीवरून उठले. "मी त्या पायरीले हातच नाई ला..."

आणि थांबले. तोंडावर हात ठेवला. आतली भांडी पण थांबली.

शकुबाई चहा घेऊन बाहेर आल्या. कप माझ्या हातात दिला, बशी दिली, मग भिंतीला टेकून खाली बसल्या. "सांगून टाका न आता," त्या नवऱ्याला म्हणाल्या. "परवा तर फोडूनच राह्यले."

दादाजींनी मान दुसरीकडे वळवली. मग त्याच बोलल्या.

उद्घाटन दोन दिवसांवर आलं होतं. फरशी कापून तयार होती, आठ पायऱ्या लागल्या होत्या आणि दादाजींना हिवताप भरला. आठव्या पायरीवरच ते पोतं पांघरून कुडकुडत पडले. ठेकेदार बल्लारपूरला गेला होता, तीन वाजता परत यायचा होता. येऊन बघतो तर काम थांबलेलं, म्हणजे उद्यापासून दुसरा मिस्त्री. "आमच्या टाइमले रेजानं थापीले हात लावाचा नाई, भाऊ. घमेलं द्याचं आन बाजूले व्हाचं. थापी मिस्त्रीची. मी चौतीस वर्सं घमेलं वाह्यलं, पन थापी हातात घेतली फक्त त्या दिवशी. एकदा. तेबी हे डोळे मिटून पडले होते म्हनून."

"मिटले नोते," दादाजी हळूच म्हणाले.

"पाहून तर चांगलं पाठ झालं होतं. कसा सिमेंटचा माल टाकाचा, कशी फरशी ठोकाची, कशी पातळी लावाची. सगळं बरोबर केलं. पन माल किती टाकाचा, ते समजलं नाई. आमच्या गावाकडं पावन्याले भात वाढते, तवा तो 'पुरे, पुरे' म्हनेपर्यंत हात थांबवत नाई. हात थांबला का घरची इज्जत गेली. मी तसाच माल वाढला. आता माल काई 'पुरे' म्हनत नाई न जी."

मला हसू आलं. हसता मात्र आलं नाही.

"मग तेव्हाच का नाही काढलीत?" मी दादाजींना विचारलं. "ओला माल होता. तासाभराचं काम."

दादाजींनी छताकडे बघितलं. "ताप होता जी मले."

"ताप उतरला होता," शकुबाई म्हणाल्या. "अडीच वाजता उठले. पातळीची पट्टी ठेवली. नळीतला बुडबुडा एकदम मधात. मंग उंची मोजली, तर एक इंच वर. मी म्हनलं, काढता काय? यायनं माझ्याकडं पाह्यलं, आन दहाव्या पायरीचा माल कमी टाकाले लागले."

दादाजींनी बिडीचं थोटूक कानावरून काढलं, बघितलं आणि परत कानावर ठेवलं.

"बस, तेवढंच," ते म्हणाले. "पन आता पुरं झालं न, शकू. कोनाले सांगताबी येत नाई. मिस्त्रीनं रेजाच्या हातात थापी दिली, हे त्याच्यापेक्षा मोठं हसं. फोडून टाकू दे. मरताना तरी दादाजी म्हनून मरीन."

"तुमच्या हातच्या या शहरात हजार पायऱ्या हाएत," शकुबाई म्हणाल्या. आवाज चढवला नाही, उलट थोडा खालीच आणला. "माझ्या हातची एक हाये."

दादाजी त्यांच्याकडे वळले. "मले कदी सांगतलं नाई तू."

"तुमी कदी इचारलं?"

माझ्या कपातला चहा निवून गेला होता. मी तो तसाच संपवला. दुसरं काय करणार?

त्या संध्याकाळी मी पोर्टल उघडलं. तक्रार करायला बटण आहे, आठवण करायला बटण आहे, समाधान व्यक्त करायलाही एक पिवळा हसरा चेहरा आहे. पण तक्रार मागे घ्यायला काही नाही. आयुष्यात पहिल्यांदा माझ्या तक्रारीला दाद मिळाली होती आणि ती दाद आता थांबत नव्हती. शेवटी त्या कामावरच्या कनिष्ठ अभियंत्याचा नंबर मिळवला. अश्विन नाव. सभ्य पोरगा.

"सर, मागं नाही घेता येत," तो म्हणाला. "फक्त बंद करता येते. आन बंद कराले दुरुस्तीचा फोटो लागते. फोटो नसला तर सिस्टीम रोज माझ्या साहेबाले मेसेज टाकते, आन साहेब मले फोन करतात."

"मग काही तरी कर ना बाबा."

"तुमीच तर लिहिलं सर, जीवितास धोका. आता जीवितास धोका राहू द्या, असं कसं म्हणू?"

स्वतःच्या भाषाशैलीवर मी त्या रात्री प्रथमच नाराज झालो.

गुरुवारी सकाळी दहा वाजता मी सभागृहात पोचलो. अश्विन आला होता. फोडायचं मशीन खांद्यावर घेऊन साठीचा एक आडदांड माणूस उभा होता, आणि तो वारलू मिस्त्री निघाला, तोच तो, लग्नात माईकवर बोललेला. नीलिमा कोपऱ्यात ओठ चावत उभी. थोड्या वेळानं शकुबाई आल्या. जिन्याच्या तळाशी उभ्या राहिल्या, वर चढल्या नाहीत. मी जवळ गेलो.

"शकुबाई, मला माहीत असतं तर..."

"असू द्या, भाऊ. केलेलं काम फोडतातच. मी काई पयल्यांदा पाहून नाई राह्यली." पण पिशवीचा बंद त्यांनी बोटांना इतका घट्ट गुंडाळला होता की बोटं पांढरी पडली होती.

वारलूनं मशीनची वायर लावली. तेवढ्यात दारातून दादाजी आले. धुतलेला सदरा, पायात बूट, काखेत धडप्यात, म्हणजे जुन्या फडक्यात, गुंडाळलेलं काहीतरी.

"या, या, नववी पायरी!" वारलू आनंदानं ओरडला. "बराबर टाइमवर आले. आज तुमची पायरी निघते, भाऊ! आता तुमाले काय म्हनाव आमी?"

एक-एक पायरी चढत दादाजी आठवीवर पोचले, गुडघे टेकून बसले आणि धडपं सोडलं. आत लाकडी पातळी होती, कडा झिजलेली, मधल्या काचेच्या नळीत पाणी आणि बुडबुडा. ती त्यांनी नवव्या पायरीवर ठेवली. आधी आडवी. मग उभी.

"इकडं ये, वारलू. साहेब, तुमीबी या. सांगा, बुडबुडा कुठी हाये?"

वारलू वाकला. अश्विन वाकला. मीही वाकलो. बुडबुडा दोन रेघांच्या मधोमध, जणू चिकटवलाय. माझ्या डोळ्यांसमोर ती तर्री आली, चारी बाजूंना सारखी पसरलेली, आणि शकुबाईंचा तेव्हाचा चेहरा.

"चाळीस वर्सात केसभर हलली नाई," दादाजी म्हणाले. "उंची चुकली, पातळी नाई चुकली. आता ऐक, वारलू. उद्या नाक्यावर जाऊन सगळ्यायले सांग. ही पायरी मी नाई लावली. मले हिवताप होता. ही शकूनं लावली."

"कोनं?" वारलूचं तोंड उघडंच राहिलं.

"माझ्या बायकोनं. रेजानं. पयल्यांदाच थापी धरली होती तिनं. तुझी पयली फरशी आठवते काय तुले? पोलीस लाइनची? त्याच्यावर मांजर बसली तर ती घसरे."

वारलूनं खाली उभ्या असलेल्या शकुबाईंकडे बघितलं. पुन्हा पायरीकडे. मग मशीन बाजूला ठेवलं, पायरीवर उकिडवा बसला आणि फरशीच्या सांध्यावरून अंगठ्याचं नख ओढत नेलं, या टोकापासून त्या टोकापर्यंत. नख कुठेच अडलं नाही.

"सांधा तर चांगला हाये," तो पुटपुटला. मग उठून वायर गुंडाळायला लागला. "साहेब, मशीन बिघडली."

"चालू तर केलीच नाई अजून," अश्विन म्हणाला.

"म्हनूनच तर म्हनतो. बिघडली."

अश्विननं कपाळ चोळलं. "फोटो पाहिजे न मले, वारलूभाऊ. आधीचा आन नंतरचा. दोनीत काहीतरी फरक दिसला पाहिजे."

नीलिमा एकदम पुढे आली. "पिवळी पट्टी! पायरीच्या कडेला पिवळी पट्टी मारा. धोक्याची सूचना. नियमात बसतं, फोटोत दिसतं."

अश्विननं तिच्याकडे असं बघितलं की मला वाटलं, याला आता हसरा पिवळा चेहरा येतो की काय. "बसते नियमात," तो म्हणाला.

पार्किंगच्या रेघा मारायचा रंग चौकीदाराकडे होता. डबा आला, ब्रश आला. वारलूनं ब्रश दादाजींच्या पुढे धरला. दादाजींनी तो घेतला नाही.

"शकू, ये वर."

शकुबाई वर आल्या. आठवीवर बसल्या, पदर खोचला, ब्रश रंगात बुडवला. मग सुरू झालं. एक हात मारला, दुसरा मारला, तिसरा. पट्टी चांगली जाड झाली, रंग कडेवरून आठवीवर टिपकायला लागला, तरी ब्रश पुन्हा डब्यात चालला. आम्ही सगळे ब्रशकडे बघत होतो. कुणाची थांबवायची छाती होईना.

दादाजी वाकले. त्यांनी शकुबाईंच्या मनगटावर हात ठेवला.

"पुरे," ते म्हणाले. "पुरे, शकू."

ब्रश थांबला. शकुबाईंनी वर बघितलं नाही. पदरानं डोळे पुसले आणि रंगाचं एक बोट कपाळाला लागलं, ते दिवसभर तसंच राहिलं. फोटो निघाला. तक्रार बंद झाली. रात्री मी पोर्टलवर जाऊन त्या हसऱ्या चेहऱ्याचं बटण दोनदा दाबलं.

रविवारी शकुबाई आल्या. गेटकडे पाठ, बँकेच्या पट्ट्या, टाकीपाशी मान, कॉलेजपाशी ठेकेदार, सगळं जागच्या जागी. वनराजीचा जिना चढताना आठवीवर थांबल्या. या वेळी मागे वळल्या. "फरशी दादाजी मिस्त्रीची," त्या लोकांना म्हणाल्या. "ही एक माझी." आणि पुढे चालू लागल्या.

त्यांच्या मागून मी. हातात तर्रीचा डबा, झाकण सुतळीनं तीन फेरे बांधलेलं. डोळे पिवळ्या पट्टीवर खिळलेले. पट्टी इतकी जाड होती, इतकी पिवळी होती, इतकी स्वच्छ दिसत होती, की तिच्याकडे बघता बघता माझ्या चपलेचं टोक नेमकं तिच्यातच अडलं. सुतळीनं लाज राखली. मी मात्र गुडघ्यावर आलो.

"शकुबाई," मी तिथूनच कळवळून म्हणालो, "आता तर सगळं माहीत आहे, पट्टी पण आहे, तरी मी पडतोच! मी करू तरी काय?"

"पाय उचलून चालत जा, भाऊ."